शर्ली कॉलिन्स : गाण्याच्या आड न येणारा आवाज

आज आपण एका इंग्लिश लोकगीत गायिकेबद्दल बोलणार आहोत. नाव शर्ली कॉलिन्स. जन्म ५ जुलै १९३५, इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरचं हेस्टिंग्ज हे गाव, परगणा ससेक्स. त्यांचं चरित्र तर मी सांगणारच आहे, पण त्या चरित्रात मला एक प्रश्न दिसतो आणि तो तुमच्यासमोर ठेवायचा आहे. प्रश्न असा, की गाणाऱ्यानं गाण्यासाठी स्वतःहून बाजूला होणं आणि त्याला दुसऱ्यानं बाजूला करणं, यांत फरक काय? वरवर पाहता दोन्हींचा शेवट एकच दिसतो, माणूस दिसेनासा होतो. पण तो एकच आहे का?

आधी लोकगीत म्हणजे काय ते थोडं पाहू. जात्यावरची ओवी मुळात कुणी रचली असं आपण विचारत नाही. ती आईकडून लेकीकडे येते, वाटेत दोन शब्द बदलतात. इंग्लंडमधल्या खेड्यांतल्या गाण्यांचंही असंच होतं. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी शहरातल्या काही जाणकारांना वाटू लागलं, की ही गाणी आता संपणार. म्हणून १८९८ साली लंडनमध्ये लोकगीतांसाठी एक संस्था निघाली. पुढे १९०३ मध्ये सेसिल शार्प या संगीतशिक्षकानं सॉमरसेट परगण्यात एका माळ्याच्या तोंडून एक गाणं ऐकलं आणि लिहून घेतलं. तिथून तो गावोगाव हिंडत राहिला. रॅल्फ व्हॉन विल्यम्स हे मोठे संगीतकारही असेच हिंडले. आता एक गोष्ट लक्षात ठेवा, तिच्याकडे आपल्याला शेवटी परत यायचं आहे. हे लोक ज्यांच्याकडून गाणी घेत होते ते बहुतेक म्हातारे होते. शेतमजूर, घरकाम करणाऱ्या बाया, कुणी वृद्धाश्रमातले. दात पडलेले, दम तुटणारा, आवाज चिरलेला. आणि गाणं मात्र पक्कं!

शर्लीबाईंचं घर कष्टकऱ्यांचं. दुसरं महायुद्ध चालू होतं, हेस्टिंग्जवर बॉम्ब पडत. आजीआजोबांकडे असताना रात्री भुयारी आसऱ्यात बसावं लागे आणि तिथं आजोबा नातींना गाणी म्हणून दाखवत. एक नात शर्ली, दुसरी तिची थोरली बहीण डॉली. म्हणजे ही गाणी त्यांच्याकडे पुस्तकातून नंतर आली, आधी आली ती घरातून. पुढे शर्लीबाई शिक्षिकेचं शिक्षण घ्यायला लंडनला गेल्या, ते सोडलं, आणि सेसिल शार्पच्या नावानं उभ्या असलेल्या संस्थेच्या ग्रंथालयात रमल्या. तिथं छापील संग्रह होते आणि खेड्यांतल्या गायकांची ध्वनिमुद्रणंही होती.

त्यांच्या गाण्याची रीत इथं ठरली. आवाज सरळ, थोडा कोवळा, सजावट जवळजवळ नाही. गाण्यात खून असो, बुडालेली मुलगी असो, फसवणूक असो, त्या दुःखाचा अभिनय करत नाहीत. चढउतार करून ऐकणाऱ्याच्या डोळ्यांत पाणी आणायचा प्रयत्न नाही. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला हे कोरडंही वाटेल. पण त्यामागे विचार आहे. गाण्यातली घटना गाणाऱ्याच्या आधीची आहे, त्याच्यानंतरही राहणार आहे. तेव्हा ‘पाहा, मला किती वाईट वाटतंय’ असं दाखवलं, की ऐकणारा गाण्याकडे न पाहता गायकाकडे पाहू लागतो. आपण गातो तेव्हा आधीच्या पिढ्यांतले गाणारे आपल्या पाठीशी उभे असतात, असं त्या मुलाखतींतून सांगत आल्या आहेत. हे झालं स्वतःहून बाजूला होणं.

आता दुसरा प्रकार. १९५० च्या दशकात अॅलन लोमॅक्स हे अमेरिकन लोकगीत-संग्राहक लंडनमध्ये राहत होते. त्यांची आणि शर्लीबाईंची ओळख झाली, दोघं एकत्र राहू लागले. १९५९ मध्ये दोघं अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत काही महिने फिरले. बरोबर स्टिरिओ टेपरेकॉर्डर होता. काळ वर्णभेदाचा. गोऱ्यांच्या वस्त्या वेगळ्या, काळ्यांच्या वेगळ्या, आणि दोन्हीकडे जाणाऱ्या माणसांकडे लोक संशयानं पाहत. अर्कान्सामध्ये अलमेडा रिडल, व्हर्जिनियात टेक्सस ग्लॅडन, अशा बायांची जुनी कथागीतं त्यांनी ध्वनिमुद्रित केली. कित्येक गीतांची मुळं ब्रिटनमध्ये होती, समुद्र ओलांडून ती डोंगरांत टिकली होती. मिसिसिपीत कोमो या गावाजवळ फ्रेड मॅकडॉवेल नावाचा एक शेतकरी गिटार घेऊन समोर आला. तो पुढं ब्लूज संगीतातलं मोठं नाव झाला. त्याची पहिली ध्वनिमुद्रणं याच दौऱ्यातली.

या दौऱ्यात चोवीस वर्षांच्या शर्लीबाई शोभेला नव्हत्या. नोंदी ठेवणं, पत्रव्यवहार, गाणाऱ्यांशी बोलणं, सगळं करत होत्या. पण १९९३ मध्ये लोमॅक्स यांचं या प्रदेशाबद्दलचं मोठं पुस्तक आलं, तेव्हा त्यात शर्लीबाईंना मिळालेली जागा जेमतेम एखाद्या वाक्याची होती, आणि सूर असा, की बाई सोबत होत्या. त्यांना ते लागलं. मग त्यांनी स्वतः लिहिलं. ‘अमेरिका ओव्हर द वॉटर’ हे त्यांचं पुस्तक २००४ साली आलं.

कुणी म्हणेल, जी बाई गाताना म्हणते ‘मी महत्त्वाची नाही’, तिनं पुस्तकात नाव नाही म्हणून वाईट का वाटून घ्यावं? मला यात विसंगती दिसत नाही. दान आणि चोरी या दोन्हींत वस्तू हातातून जाते, म्हणून त्या एक होत नाहीत. दान देणारा कर्ता असतो. शर्लीबाई गाण्यापुढे नमतात तेव्हा निर्णय त्यांचा असतो, आणि त्यातून गाणं मोठं होतं. त्यांचं काम नोंदीतून गळतं तेव्हा गाणं काही मोठं होत नाही, इतिहास तेवढा खोटा होतो. उलट ज्याला परंपरेची कदर आहे त्यानं कुणी काय केलं हे नेमकं सांगितलंच पाहिजे. कारण परंपरा आपोआप चालत नाही, माणसं ती उचलून नेतात.

इंग्लंडमध्ये परतल्यावरची वीस वर्षं भरभराटीची. १९६४ मध्ये गिटारवादक डेव्ही ग्रॅहम यांच्याबरोबर एक तबकडी निघाली. ग्रॅहम यांच्या वादनावर अरबी संगीताची आणि आपल्या रागसंगीताचीही छाया होती. साधा इंग्लिश आवाज आणि ही गिटार, हा मेळ तेव्हा नवा होता. मग डॉलीबरोबरचं काम. डॉली संगीतरचना शिकलेली. ती जुन्या पद्धतीच्या छोट्या ऑर्गनवर साथ करी. १९६९ च्या ‘अँथम्स इन ईडन’मध्ये दोघी बहिणींनी सोळाव्या-सतराव्या शतकांतली वाद्यं वाजवणाऱ्यांना बरोबर घेतलं. त्याच्या एका बाजूला गाण्यांची सलग माळ आहे. विषय पहिलं महायुद्ध, म्हणजे खेड्यांतून गेलेली आणि परत न आलेली तरुण मुलं, आणि मागं राहिलेल्या बाया. १९७१ मध्ये ‘नो रोझेस’ आली, त्यात पंचवीसहून अधिक वादक आणि विजेवरच्या गिटारी. ते जमवण्यात त्यांचे दुसरे पती, बासवादक अॅशली हचिंग्ज यांचा मोठा वाटा होता.

आणि मग १९७८. लंडनच्या नॅशनल थिएटरमधल्या एका नाटकात शर्लीबाई गात होत्या. त्याच सुमारास संसार मोडला. रोज रंगमंचावर उभं राहायचं, तोंड उघडायचं, आणि आवाज येईलच याची खात्री नाही. कधी घोगरा, कधी काहीच नाही. या दुखण्याला डिस्फोनिया म्हणतात. यात कित्येकदा घशात इजा सापडत नाही, पण आवाज काढण्याची क्रियाच बिघडते. काही काळानं त्यांनी जाहीर गाणं सोडलं. चरितार्थासाठी साध्या नोकऱ्या केल्या. १९९५ मध्ये डॉली गेली.

आपल्या प्रश्नाचा हा सर्वांत अवघड भाग. इथं बाजूला कुणी केलं? शरीरानंच. जिनं आयुष्यभर स्वतःला गाण्याच्या आड येऊ दिलं नाही, तिचं खासगी दुःख घशात येऊन बसलं. म्हणजे बाजूला होणं हे कधीच पूर्ण होत नाही. गाणं शेवटी कुणाच्या तरी श्वासातूनच जातं, आणि तो श्वास एका विशिष्ट माणसाचा असतो, त्याच्या घरादारासकट. गायक म्हणजे नळ आणि गाणं म्हणजे पाणी, ही उपमा सोयीची आहे, पण खरी नाही.

परत येणं फार हळू झालं. डेव्हिड टिबेट हे संगीतकार त्यांना पुन्हा गाण्याचा आग्रह वर्षानुवर्षं करत होते. २०१४ च्या फेब्रुवारीत लंडनच्या युनियन चॅपलमध्ये त्या उभ्या राहिल्या आणि दोन गाणी गायल्या. २०१६ मध्ये ‘लोडस्टार’ ही नवी तबकडी आली, तब्बल ३८ वर्षांनी. ती लुइस या गावी त्यांच्या घरातच मुद्रित झाली, कारण स्टुडिओत परक्यांसमोर गायची भीती गेली नव्हती. पुढं २०२० आणि २०२३ मध्येही तबकड्या आल्या.

‘लोडस्टार’मधला आवाज वेगळा आहे. खाली उतरलेला, खरखरीत, श्वास पुरवून वापरलेला. पण मघाशी तुम्हाला लक्षात ठेवायला सांगितलं ते आठवा. गाणी ज्यांच्याकडून मिळाली ती माणसं म्हातारीच होती. विशीत शर्लीबाई ग्रंथालयात बसून ज्या आवाजांकडून शिकल्या, ऐंशीव्या वर्षी त्यांचा आवाज त्यांच्या जातीचा झाला. दुसऱ्या एखाद्या संगीतात ही घसरण ठरली असती. इथं तसं नाही, कारण या परंपरेनं सुंदर आवाजाची अट कधी घातलीच नव्हती. गेला तो त्यांचा तरुण, सुंदर आवाज. गाणं त्यांच्यापाशी होतंच, आणि त्या स्वतःहून पुन्हा त्याच्या सेवेला उभ्या राहिल्या. निर्णय परत त्यांच्या हातात आला, मला महत्त्वाचं वाटतं ते हे.

या तबकडीतलं पहिलं गीत १५८० साली लंडनला भूकंप झाला त्यावरचं आहे. तीनशेहून अधिक वर्षांनी व्हॉन विल्यम्स यांना ते हेरफर्डशर परगण्यात एका बाईच्या तोंडी सापडलं. मधल्या काळात ते कुणाकुणाच्या घरात होतं, किती जणांनी ते अडखळत म्हटलं, याची नोंद नाही. नावं गेली. शर्लीबाईंचं नाव मात्र आपल्याला माहीत आहे, तेव्हा ते घेतलं पाहिजे.

ज्यांना ऐकायचं असेल त्यांनी १९६७ ची ‘द स्वीट प्रिमरोझेस’ आधी ऐकावी, लगेच ‘लोडस्टार’ ऐकावी. क्रम बदलू नका. मी इथं थांबतो. आता तुमचे प्रश्न घेऊ.