राक्षसाला शब्दांनी हरवणारा लेखक

२ जून १९५३ रोजी लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत राणी एलिझाबेथचा राज्याभिषेक झाला. तो सोहळा पाहता यावा म्हणून ब्रिटनमध्ये असंख्य घरांत पहिल्यांदाच टीव्ही आला. त्यानंतर तीन महिनेही झाले नव्हते. २२ ऑगस्टच्या रात्री त्याच ॲबीत, त्याच टीव्हीवर, एक अक्राळविक्राळ प्राणी वळवळताना लोकांनी पाहिला. बीबीसीच्या 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट' या सहा भागांच्या मालिकेचा तो शेवटचा भाग होता, आणि लेखक होते ३१ वर्षांचे निगेल नील.

तो राक्षस कसा उभा केला होता? ॲबीच्या आतल्या भागाचा एक फोटो मोठा करून घेतला, त्याला भोकं पाडली आणि पालापाचोळा चिकटवलेले हातमोजे त्यांतून पुढे सरकवले. मोज्यांमधले हात खुद्द नील यांचे होते. मालिका अलेक्झांड्रा पॅलेसच्या स्टुडिओतून थेट प्रसारित होत असे, त्यामुळे चुकलं तर पुन्हा घ्यायची सोय नव्हती. सहापैकी पहिल्या दोनच भागांचं चित्रमुद्रण झालं, म्हणून ते दोनच आज शिल्लक आहेत.

पण नील यांची खरी ताकद राक्षसाच्या अंतात दिसते. अवकाशातून परतलेल्या यानातली तीन माणसं त्या प्राण्यात विरघळलेली असतात. प्राध्यापक क्वाटरमास त्या तिघांच्या उरल्यासुरल्या माणूसपणाला हाक मारतो आणि ते आतून प्रतिकार करून त्या प्राण्याला संपवतात. हॅमर कंपनीने १९५५ साली यावर चित्रपट काढला, त्यात राक्षसाला विजेचा झटका देऊन जाळलं. तो चित्रपट आणि त्यातला अरेरावी करणारा क्वाटरमास नील यांना अजिबात रुचला नाही. माझ्या मते त्यांचं म्हणणं शंभर टक्के बरोबर होतं, कारण कथेचा प्राणच त्या आवाहनात होता.

नील वाढले आइल ऑफ मॅन या बेटावर. कथासंग्रहाला सॉमरसेट मॉम पुरस्कार मिळाल्यानंतर ते बीबीसीत पगारी लेखक झाले. ऑस्ट्रियात जन्मलेले दिग्दर्शक रूडॉल्फ कार्टिए तिथेच भेटले आणि दोघांची जोडी जमली. १२ डिसेंबर १९५४ रोजी या जोडीने ऑर्वेलची '१९८४' ही कादंबरी पडद्यावर आणली. नायक झालेल्या पीटर कुशिंग यांचा छळ पाहून प्रेक्षक हादरले आणि प्रकरण संसदेपर्यंत गेलं. तरीही चार दिवसांनी नटांनी अख्खं नाटक पुन्हा थेट सादर केलं.

पुढे त्यांनी जॉन ऑस्बर्नच्या 'लुक बॅक इन अँगर' आणि 'द एंटरटेनर' या नाटकांच्या पटकथांवर काम केलं. १९६८ सालच्या 'द इयर ऑफ द सेक्स ऑलिम्पिक्स' मध्ये त्यांनी एका कुटुंबाला निर्जन बेटावर सोडलं आणि त्यांचे हाल हाच इतरांच्या करमणुकीचा कार्यक्रम केला. आजचे रिॲलिटी शो तेव्हा कुणाच्या स्वप्नातही नव्हते!

१९६३ सालचं त्यांचं 'द रोड' हे नाटक मात्र जपलं गेलं नाही. जे हाती आहे त्यातून सुरुवात करायची असेल, तर १९५८-५९ सालची 'क्वाटरमास अँड द पिट' ही मालिका पाहा. तिचे सहाही भाग शाबूत आहेत.