मोजणीबाहेरचा मुलूख

रायपूरच्या उत्तरेस, बिरगावला लागून पसरलेल्या उरल्याच्या औद्योगिक वसाहतीत सायंकाळी उभे राहिले, म्हणजे स्पंज आयर्नच्या भट्ट्यांचा धूर आणि रस्त्याच्या दोहो कडांना साचलेली, गेरूसारखी तांबडी खनिजाची धूळ यांपलीकडे डोळ्यांना फारसे काही गवसत नाही. या पट्ट्यातील कारखान्यांना लागणाऱ्या लोहखनिजाचा काही अंश बस्तरच्या डोंगरांतून येतो. आलेला प्रत्येक ट्रक धरमकाट्यावर चढतो, त्याचे वजन किलोपर्यंत चिठ्ठीवर उतरते, आणि त्या चिठ्ठीवाचून फाटक उघडत नाही. गंमत अशी, की ज्या मुलखाच्या उंबरठ्यावरून हे खनिज निघते, त्या अबूझमाडाची जमीन आपल्या काळापर्यंत कोणत्याही सरकारने सांखळी टाकून मोजलेली नव्हती.

या अबूझमाडाचा, म्हणजे थोडक्यात माडाचा, मोठा भाग ज्यात येतो, तो नारायणपूर जिल्हा २००७ साली बस्तरमधून वेगळा काढण्यात आला. २०११ च्या खानेसुमारीत त्याची लोकसंख्या सुमारे १ लाख ४० हजार भरली, म्हणजे चौरस किलोमीटरमागे वीस ते तीस माणसे. आणि त्यातही ओरछा तहसिलीच्या, म्हणजे खुद्द माडाच्या वाट्यास येणारी वस्ती याहून कितीतरी विरळ. सुमारे ४,००० चौरस किलोमीटरांचा हा डोंगराळ प्रदेश नारायणपूर, दंतेवाडा आणि विजापूर या तीन जिल्ह्यांत विभागलेला असून त्याची पश्चिम बाजू आपल्या गडचिरोलीच्या भामरागडास जाऊन भिडते. ‘अबूझ’ हे विशेषण अर्थातच बाहेरच्यांचे. ज्याला जे उमगले नाही, त्याने ते न उमगणे त्या भूमीच्याच नावावर चढवून ठेवले. तेथील माडिया लोक स्वतःस ‘मेटा कोयतोर’, म्हणजे डोंगरातली माणसे, म्हणवितात, आणि त्यांच्या लेखी त्या डोंगरात अबूझ असे काही नाही.

मराठी वाचकास या मुलखाविषयी परकेपणा वाटण्याचे कारण नाही. वाटलाच तर थोडा संकोच वाटावा. १७७८ साली बस्तरचा राजा दर्यावदेव याने नागपूरकर भोसल्यांचे स्वामित्व मान्य केले आणि टकोली, म्हणजे खंडणी, भरण्याचे पत्करले. टकोली राजाने भरावयाची खरी, पण राजा ती जमीनदारांकडून, जमीनदार गावांकडून, आणि गाव शेवटी महुआ, चारोळी व धान्य यांतून वसूल करणार, हा क्रम हिंदुस्थानातील कोणत्याही दप्तरात सारखाच आढळतो. पुढे १८१८ नंतर भोसल्यांच्या गादीवर अल्पवयीन राजा आणि कारभारावर इंग्रज रेसिडेंट अशी दुहेरी सत्ता आली, तेव्हा परलकोटचा जमीनदार गेंदसिंह याच्या पुढारपणाखाली अबूझमाडिया उठले. धावड्याच्या डहाळ्या गावोगाव फिरल्या. त्यांची पाने सुकण्यापूर्वी ठरल्या ठिकाणी जमावयाचे, असा त्यांचा संकेत होता. पंचांग व घड्याळ यांवाचून मुदत ठरविण्याची याहून नेमकी रीत मला तरी ठाऊक नाही. चांद्याहून आलेल्या फौजेच्या बंदुकांपुढे धनुष्यबाण टिकले नाहीत, आणि २० जानेवारी १८२५ रोजी गेंदसिंहास त्याच्याच वाड्यासमोर फाशी देण्यात आले. मराठ्यांच्या इतिहासाच्या आपल्या पुस्तकांतून अटकेच्या स्वारीस जितकी पाने मिळाली, त्यांच्या शतांशही ओळी परलकोटास मिळालेल्या नाहीत.

मात्र सत्तेच्या पाठोपाठ, किंबहुना तिच्याही आधीपासून, भाषा चालत गेली होती. बस्तरच्या बाजारांत गोंडी बोलणारा माडिया परक्याशी ज्या हलबीत व्यवहार करतो, तिच्यात ‘माझे’ यास ‘मोचो’ म्हणतात आणि षष्ठीचा ‘चो’ प्रत्यय सर्वत्र कानी पडतो. ग्रिअर्सनच्या भाषा-सर्वेक्षणात १९०५ च्या मराठीविषयक खंडात हलबीस जागा मिळाली ती अशा लक्षणांमुळेच. छत्तीसगढी आणि ओडिया यांचा तिच्यावरील हक्कही लहान नाही, म्हणून भाषापंडितांचा हा वाद मी येथेच सोडतो.

इंग्रजी अमदानीत माडास समजून घेण्याचा खरा प्रयत्न केला तो डब्ल्यू. व्ही. ग्रिग्सन यांनी. १९२७ ते १९३१ या काळात ते बस्तर संस्थानाचे प्रशासक होते आणि त्यांचा ‘द मारिया गोंड्स ऑफ बस्तर’ हा ग्रंथ १९३८ साली प्रसिद्ध झाला. डोंगरी माडिया आणि गव्याच्या शिंगांचे शिरोभूषण लेवून नाचणारे माडिया यांतील भेद त्यांनी पुढे रूढ केला. मोजणीचे कोडे उकलण्यास यांपैकी डोंगरी माडियांची शेतीच पाहावी लागते.

तिला ‘पेंदा’ म्हणतात. डोंगराच्या उतारावरील झाडे उन्हाळ्यात तोडावयाची, वाळली की पेटवावयाची, आणि पहिल्या पावसाच्या सुमारास त्या राखेत कोसऱ्यासारखे भरड धान्य फेकावयाचे. दोन-तीन हंगामांनी कस उतरला की तो उतार रानास परत करून दुसरीकडे वळावयाचे. जमीन अशी फिरती, आणि पुष्कळदा तिच्यामागे वस्तीही फिरती. आता महसुली मोजणीचे सारे शास्त्र असे गृहीत धरते, की शेत एका जागी राहते, त्यास चतुःसीमा असते आणि त्या सीमेच्या आत एक खातेदार असतो. ज्या उतारावर तीन वर्षांपूर्वी कोसरा होता, आज झुडपे आहेत आणि आणखी काही वर्षांनी पुन्हा कोसरा होईल, त्यास कोणता खसरा, म्हणजे गट, क्रमांक द्यावयाचा? अधिकाऱ्यांच्या आळसाकडे व पायवाटांच्या अभावाकडे बोट दाखविणे सोपे आहे. परंतु माझ्या मते अबूझमाड मोजणीबाहेर राहिला याचे अधिक सखोल कारण हेच, की त्याचा जमीनविषयक व्यवहार कागदाच्या व्याकरणात बसणारा नव्हता.

स्वातंत्र्यानंतर हा पेच सुटला नाही; तो वेगळ्या रीतीने बंदिस्त झाला. बाहेरच्या माणसास कलेक्टरच्या परवानगीवाचून माडात पाऊल टाकता येत नसे, आणि हा निर्बंध उठला तो २००९ साली. तोवर त्या रानात माओवाद्यांची सत्ता मूळ धरून बसली होती. २१ मे २०२५ रोजी त्यांच्या पक्षाचा सरचिटणीस बसवराजू याच परिसरात मारला गेला, हे वर्तमानपत्रे वाचणाऱ्यांस ठाऊकच आहे. बंदुकीच्या दोन्ही टोकांमध्ये जी गावे सापडली, त्यांच्याविषयी तीच वर्तमानपत्रे फार थोडे सांगतात.

दरम्यान मोजणीही आली. २०१७ च्या सुमारास रुरकीच्या आयआयटीच्या साहाय्याने आकाशातून पाहणी सुरू झाली, आणि पुढे ‘मसाहती खसरा’ नावाचा कागद माडियांच्या हाती पडू लागला. मसाहत हा फारसी दप्तरातून आलेला, मोजणी या अर्थाचा शब्द मोगलाईबरोबर लोपला असे आपण समजत होतो, तो असा ओरछाच्या तहसिलीत जिवंत निघाला. या कागदाची थट्टा करण्याचा मोह आवरलेला बरा. तो असला म्हणजे सरकारी हमीभावाने धान विकता येते, कर्ज मिळू शकते. तो नसला म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या कसणाराही सरकारलेखी भूमिहीनच. पण कागद मिळतो तो बांध घालून स्थिर केलेल्या शेतास. पेंद्याचा फिरता उतार कागदावर रानच राहतो, आणि रानाखाली लोखंड असले तर ते कोणाचे, याचा निवाडा वेगळ्या कचेरीत होतो. अबूझमाडाच्या वेशीवरील रावघाटाच्या खनिजाकडे भिलाईचा पोलाद कारखाना डोळे लावून बसला आहे, आणि त्यासाठी दल्ली-राजहऱ्याहून आणलेला रेल्वेमार्ग अंतागढाच्याही पुढे पोचला आहे.

नागपूरकरांच्या टकोलीबरोबर जे माडात गेले नाही, असे एक मराठी लेणे मात्र अलीकडे तेथे पोचले आहे. दुसऱ्या बाजीरावाच्या काळी बाळंभटदादा देवधरांनी ज्यास नवे जीवन दिले, तो मल्लखांब आज नारायणपूरच्या आखाड्यात अबूझमाडची मुले खेळतात. २०२३ साली त्यांच्या संघाने ‘इंडियाज गॉट टॅलेंट’ची स्पर्धा जिंकली, तेव्हा उरल्यातल्या चहाच्या टपरीवरही दूरचित्रवाणीभोवती पाळी संपवून आलेले कामगार उभे होते. खांबाच्या टोकावर उलटा तोललेला मुलगा पडद्यावर दिसला, आणि बाहेर धरमकाट्यावर पुढचा ट्रक चढला.