फेडर खाली ओढणारा माणूस

गेली वीसेक वर्षं मी सिनेमाच्या ध्वनिमिश्रणाचं काम करतोय. या कामात आवाज चढवायला कुणीही पटकन शिकतं. फेडर, म्हणजे मिक्सरवरची आवाजाची सरकपट्टी, खाली ओढायला मात्र हात धजावत नाही. दिग्दर्शक मागे बसलेला असतो, संगीतकाराने महिनाभर राबून रचलेले थर समोर असतात, आणि त्यातलंच काहीतरी काढायचं असतं. हे कुणाकडून शिकावं, असं कुणी विचारलं की मी डेनिस बोव्हेलचं नाव घेतो.

बोव्हेलचा जन्म १९५३चा, बार्बाडोसमधला. बाराव्या वर्षी तो लंडनला आला. ‘मटुम्बी’ या बँडमध्ये तो वाजवायचा, शिवाय ‘जाह सफरर’ नावाची साउंड सिस्टिमही चालवायचा. साउंड सिस्टिम म्हणजे कपाटाएवढे स्पीकर, अ‍ॅम्प्लिफायर आणि खास कापून घेतलेल्या रेकॉर्डी. तिच्यावर वाजायचा तो डब, म्हणजे ध्वनिमुद्रित गाणं मिक्सरवर उलगडून मांडणं. जमैकातल्या किंग्स्टनमध्ये ध्वनितंत्रज्ञ किंग टबीने मिक्सरलाच वाद्य केलं. त्याने गायकाचा आवाज काढून टाकला आणि ड्रम-बास तेवढे ठेवले. गिटारचा एखादा ठोका एकोत भिरकावून द्यायचा, तो विरत जाईपर्यंत थांबायचं. बोव्हेल याच विद्येत तयार झाला.

१९७४ साली क्रिकलवुडच्या एका क्लबात साउंड सिस्टिमचा सामना चालू असताना पोलीस आत घुसले. त्या रात्री तिथे आपली सिस्टिम वाजवणाऱ्या बोव्हेलला पुढे तीन वर्षांची शिक्षा झाली. सहा महिने तुरुंगात काढल्यावर तो अपिलात सुटला. दिग्दर्शक फ्रँको रोसोने १९८० साली ‘बॅबिलॉन’ केला तेव्हा त्याचं पार्श्वसंगीत बोव्हेलकडे आलं. दक्षिण लंडनमधल्या साउंड सिस्टिमवाल्या काळ्या पोरांची ती गोष्ट आहे. शेवटी पोलीस दार फोडत असतात आणि नायक माइक सोडत नाही. तो प्रसंग मी दरवेळी अवघडून पाहतो; हे ज्याने भोगलं, त्याचंच संगीत या सिनेमाला आहे. ब्रिटनमध्ये या सिनेमाला ‘एक्स’, म्हणजे फक्त प्रौढांसाठीचं, प्रमाणपत्र मिळालं. अमेरिकेत तो रीतसर प्रदर्शित व्हायला २०१९ साल उजाडलं. मला हा अन्यायच वाटतो.

पण मी पुन्हा पुन्हा परततो तो ‘लव्हर्स रॉक’कडे. स्टीव्ह मॅक्वीनचा हा सिनेमा २०२०चा, गोष्ट मात्र १९८०च्या एका रात्रीची. गोऱ्यांच्या क्लबात प्रवेश मिळत नाही, म्हणून घरातलं सामान हलवून, दारात पैसे घेऊन लंडनमधली काळी मंडळी आपलाच नाच भरवतात. तिथे ‘सिली गेम्स’ लागतं. जॅनेट केने गायलेलं हे गाणं बोव्हेलनेच लिहिलं आणि ध्वनिमुद्रित केलं. १९७९ साली ते लोकप्रिय गाण्यांच्या ब्रिटिश यादीत दुसऱ्या क्रमांकापर्यंत गेलं होतं.

एका रात्री काम संपल्यावर मी हा प्रसंग स्टुडिओतच लावला आणि डोळे मिटून ऐकला. आधी बास सगळी खोली व्यापून असतो. मग रेकॉर्ड सरते आणि नाचणारे तसेच गात राहतात. ड्रम नाही, बास नाही. लाकडी जमिनीवर घासणारी पावलं ताल धरतात. श्वास ऐकू येतात. बायका गाण्यातला जॅनेट केचा उंच स्वर गाठायला जातात. कुणाचा लागतो, कुणाचा फाटतो, आणि फाटलेलाही तसाच ठेवलाय. मी असतो तर घाबरून खाली कुठेतरी बासचा धागा ठेवला असता. इथे वाद्यं पार काढून घेतली, तरी गाणं मिनिटांमागून मिनिटं उभं आहे. पडद्यावर डब असाच असतो, असं माझं ठाम मत आहे.

त्या गर्दीत एक वयस्क माणूसही गातोय. तो स्वतः बोव्हेल आहे.

हा सिनेमा पाहाल तेव्हा मोबाइलच्या स्पीकरवर पाहू नका. त्यात बास पोचतच नाही, आणि जे मुळात ऐकलंच नाही ते गेल्याचं कळणार कसं? चांगले हेडफोन लावा, आणि त्या पावलांकडे कान द्या.