मुंबईचा एजाज, न्यूझीलंडचा पटेल

सातवीच्या वर्गात ‘स्थलांतर’ शिकवत होते. आमच्या रत्नागिरीत हा विषय पुस्तकातून शिकवावा लागत नाही. कुणाचे अब्बा कुवेतला, कुणाचे मामू दोह्याला. तेवढ्यात मागच्या बाकावरून प्रश्न आला, “टीचर, आपला माणूस दुसऱ्या देशाकडून खेळला, तर तो आपला राहतो का?”

मी उत्तराऐवजी एजाज पटेलची गोष्ट सांगितली.

एजाजचा जन्म 21 ऑक्टोबर 1988 चा, मुंबईतला. 1996 मध्ये आईवडील मुलांना घेऊन न्यूझीलंडला गेले, तेव्हा तो आठ वर्षांचा होता. ऑकलंडमध्ये तो क्रिकेट खेळू लागला, तोही डावखुरा वेगवान गोलंदाज म्हणून. पण उंची साडेपाच फुटांच्या आसपास. वेगवान गोलंदाजाला ती कमीच. माजी कसोटीपटू दीपक पटेल यांनी त्याला फिरकीकडे वळवलं. हे दीपक पटेलही परदेशातूनच आलेले. जन्म नैरोबीचा, सुरुवातीचं क्रिकेट इंग्लंडमधलं आणि कसोटी खेळले न्यूझीलंडकडून.

वर्षानुवर्षं केलेली मेहनत बाजूला ठेवून विशीत पुन्हा अलिफपासून सुरुवात करायची, याला सब्र लागतो. एजाजने तो ठेवला. सेंट्रल डिस्ट्रिक्ट्सकडून 2012 मध्ये तो पहिला प्रथम श्रेणी सामना खेळला. कसोटी संघात जागा मिळाली नोव्हेंबर 2018 मध्ये, वयाच्या तिसाव्या वर्षी. अबू धाबीत पाकिस्तानविरुद्धच्या त्या पहिल्याच कसोटीत दुसऱ्या डावात त्याने 59 धावांत 5 बळी घेतले. न्यूझीलंड अवघ्या 4 धावांनी जिंकलं आणि सामनावीर ठरला एजाज.

मग आला डिसेंबर 2021. मैदान वानखेडे, म्हणजे जन्मगावातलंच. 3 तारखेला त्याने भारताचे चार गडी टिपले आणि 4 तारखेला उरलेले सहाही. 119 धावांत 10 बळी! कसोटीच्या एका डावात सर्वच्या सर्व दहा बळी याआधी दोघांनीच घेतले होते : 1956 मध्ये जिम लेकर आणि 1999 मध्ये अनिल कुंबळे. दहावा झेल घेतला रचिन रवींद्रने. त्याचे आईवडील मूळचे बंगळुरूचे.

भारतीय खेळाडूंनी टाळ्या वाजवल्या आणि सामन्यानंतर सगळ्यांच्या सह्यांची जर्सी त्याला भेट दिली. पण सामना न्यूझीलंड 372 धावांनी हरलं. लगेच पुढच्या, मायदेशातल्या बांगलादेशविरुद्धच्या मालिकेत एजाजला संघातही घेतलं नाही, कारण तिथल्या खेळपट्ट्या वेगवान गोलंदाजांच्या. विक्रम करून आलेल्या माणसाला घरी बसावं लागलं! त्याने तेही सोसलं.

नोव्हेंबर 2024 मध्ये तो पुन्हा वानखेडेवर उतरला. भारताला जिंकायला 147 धावा हव्या होत्या, संघ 121 वर आटोपला. एजाजने पहिल्या डावात पाच आणि दुसऱ्यात सहा बळी घेतले. न्यूझीलंडने मालिका 3-0 अशी जिंकली. वानखेडेवरच्या दोन कसोटींत त्याचे 25 बळी झाले.

“म्हणजे त्याने आपल्यालाच हरवलं!” मुलं म्हणाली. खरं आहे. पण ज्याचं खावं मीठ, त्याचं करावं नीट, हे आपणच मुलांना शिकवतो. ज्या देशाने वाढवलं, संधी दिली, त्याच्यासाठी तो इमानाने खेळला. मुंबईत जन्मला म्हणून त्याने हात आखडता घेतला असता, तर ती बेइमानी ठरली असती. आपल्याच जिल्ह्यात जन्मलेले गुलाम परकार 1982 मध्ये लॉर्ड्सवर भारताकडून कसोटी खेळले. त्यांचा अभिमान वाटतो, तसंच एजाजचं कौतुक करायला काय हरकत आहे? दोन्ही एकाच मनात मावतात.

पालकांसाठी मात्र एक गोष्ट वेगळी सांगते. आखाती देशांत आयुष्य घालवूनही तिथलं नागरिकत्व सहसा मिळत नाही. ऑलिम्पिकसाठी नागरिकत्व लागतं, त्यामुळे तिथे वाढलेल्या धावपटूला किंवा भालाफेकपटूला त्या देशाकडून उतरता येत नाही. क्रिकेटमध्ये तीन वर्षांचं वास्तव्यही चालतं, म्हणून अमिराती आणि ओमानच्या संघांत भारत-पाकिस्तानात जन्मलेले कितीतरी खेळाडू दिसतात. मुलाच्या हातात बॅट असो वा भाला, कुटुंब हलवण्याआधी हा नियम माहीत असलेला बरा.

तास संपल्याची घंटा झाली. मागच्या बाकावरचा तो मुलगा जाताना म्हणाला, “टीचर, अब्बाना आज फोनवर हे सांगतो.” त्याचे अब्बा दोह्यात आहेत. पुढच्या वर्षी ते मायलेकांना तिकडे बोलावून घेणार आहेत.

तेव्हा मला त्याच्या प्रश्नाचा अर्थ कळला. एजाजबद्दल नव्हे, तो स्वतःबद्दल विचारत होता.