एका रुपयावर आलेला वार्तापट

1946 साली दिल्लीच्या मध्यवर्ती विधिमंडळाने ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ या सरकारी चित्रसंस्थेचे अनुदान एका रुपयावर आणले. युद्धाचा प्रचार याच संस्थेने केला होता, तेव्हा सदस्यांचा राग रास्तच होता. पण त्या रागापायी ‘इंडियन न्यूज परेड’ हा वार्तापटही बुडाला. त्याची झळ मराठवाड्यालाही बसली, असे माझे ठाम मत आहे.

कॅमेऱ्याने शिकवणे आणि बातमी दाखवणे ही काही सरकारची देणगी नव्हे. रँग्लर परांजपे 1901 मध्ये विलायतेहून परतले, तेव्हाचे स्वागत सावेदादा भाटवडेकरांनी टिपले. दादासाहेब फाळक्यांनी 1912 मध्ये कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा तिच्यासमोर रोवला आणि कित्येक दिवस रोज थोडी थोडी फिल्म फिरवली. पडद्यावर मात्र बघता बघता बी फुटते, कोंब वर येतो, वेल चढते. हाच लघुपट पाहून नाडकर्णी नावाच्या गृहस्थांनी त्यांना चित्रपटासाठी कर्ज दिले. शैक्षणिक चित्रपटाचा याहून अस्सल मुहूर्त मला ठाऊक नाही.

दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर मुंबईत या कलेच्या जाणकारांची वाण नव्हती. डॉ. पी. व्ही. पथी पॅरिसला शिकले होते, के. एस. हिर्लेकर जर्मनीत, पुढे गांधीजींचे आठ खंडांचे चरित्र लिहिणारे डी. जी. तेंडुलकर मॉस्कोहून आले होते. 1940 मध्ये सरकारने फिल्म अॅडव्हायझरी बोर्ड नेमले, 1943 मध्ये त्याच्या जागी इन्फर्मेशन फिल्म्स आली. तिचे पट दाखवणे ब्रिटिश हिंदुस्थानातील थिएटरांना सक्तीचे झाले.

मग आला तो एक रुपया. 15 ऑगस्ट 1947 च्या सोहळ्याला सरकारकडे स्वतःचे चित्रपथक नव्हते. खासगी कॅमेरावाल्यांनी तो टिपला. मराठवाड्यातले नांदेड-लातूर तर तेव्हा निजामाच्याच अमलाखाली होते. जानेवारी 1948 मध्ये नांदेड जिल्ह्यातल्या उमरीची बँक स्वातंत्र्यसैनिकांनी लुटली, सरहद्दीवरच्या कॅम्पांतून निजामाविरुद्ध लढा चालू होता, आणि 17 सप्टेंबरला निजाम शरण आला. सरकारचे नवे फिल्म्स डिव्हिजन उभे राहिले तेही याच वर्षी. वार्तापटाची सलग नजर हवी होती, नेमकी तेव्हाच ती तुटलेली होती.

म्हणून नांदेड-लातूरकरांना विनंती. जुन्या टॉकीजच्या माळ्यावर किंवा घरच्या ट्रंकेत फिल्मचा डबा सापडला, तर भंगारात घालू नका, प्रोजेक्टरवर चढवून पाहू नका. जुनी नायट्रेट फिल्म झटकन पेट घेते, म्हणून डबा विस्तवापासून लांब ठेवा. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा.