जयदेवीताई लिगाडे : कन्नड कविता, मराठी अनुवाद

जयदेवीताई लिगाडे (१९१२–१९८६) या कन्नडमधील कवयित्री आणि शरण साहित्याच्या मराठी अनुवादक. त्यांचा जन्म सोलापूरचा, तर आयुष्याचा उत्तरकाळ बीदर जिल्ह्यातील बसवकल्याणमध्ये गेला. बाराव्या शतकातील शरण, म्हणजे बसवण्णादी वचनकार संतांच्या, चळवळीशी या दोन्ही गावांचे नाते आहे. शरण सिद्धराम सोलापूरचे, म्हणजे त्या काळच्या सोन्नलिगेचे. बसवण्णांचा अनुभवमंटप, म्हणजे शरणांची चर्चासभा, कल्याणात (आजच्या बसवकल्याणात) होता. जयदेवीताईंच्या लेखनाचा बहुतेक विस्तार याच दोन केंद्रांभोवती झाला.

जयदेवीताईंच्या लहानपणी सोलापूर मुंबई इलाख्यात होते. अनेक लिंगायत घरांत बोलणे कन्नड आणि शाळा मराठी, असा प्रकार होता. जयदेवीताई अशाच सधन घरात वाढल्या. त्यांचे शिक्षण मराठीतून झाले आणि लहान वयातच त्या लिगाडे घराण्यात सून म्हणून गेल्या. कन्नड वाचन-लेखन त्यांनी पुढे स्वतःच्या हिमतीवर कमावले. तोवर विजापूरच्या फ. गु. हळकट्टी यांनी पोथ्यांतून वेचलेली शरणांची वचने १९२३ पासून छापून येऊ लागली होती. त्यामुळे मठांत आणि घरोघरी बांधून ठेवलेले हे साहित्य सामान्य वाचकापर्यंत पोचू लागले होते.

त्यांच्या कन्नड रचनांत ‘जयगीत’, ‘तायिय पदगळु’ हे संग्रह आणि ‘श्री सिद्धरामेश्वर पुराण’ हे महाकाव्य येते. पुराणासाठी त्यांनी त्रिपदी छंद निवडला. पहिल्या दोन ओळींत चार-चार गण आणि तिसरीत तीन, अशी त्याची बांधणी असते. कन्नड कवी सर्वज्ञाची वचने या छंदात आहेत आणि कन्नड बायकांची जात्यावरची गाणीही याच छंदात गायली जातात. मराठीत हे काम ओवी करते. बायकांच्या तोंडी असलेला छंद चार हजारांहून अधिक पदांच्या पुराणात पेलून दाखवणे, ही जयदेवीताईंची कवयित्री म्हणून सर्वांत मोठी कामगिरी.

मराठीत त्यांनी ‘बसवदर्शन’, ‘सिद्धवाणी’, ‘सिद्धरामांची त्रिविधी’ ही पुस्तके दिली आणि ‘शून्यसंपादने’ हा ग्रंथ आणला. पंधराव्या शतकात प्रथम सिद्ध झालेल्या या ग्रंथात अनेक शरणांची वचने संवादरूपाने गुंफली आहेत. अनुभवमंटपात आलेल्या अक्कमहादेवीला अल्लमप्रभू प्रश्न विचारतात आणि ती निर्भीडपणे उत्तरे देते, हा त्यातला गाजलेला प्रसंग. वचनांवर रचणाऱ्याचे नाव नसते, शेवटी मुद्रिका येते. ‘कूडलसंगमदेव’ म्हटले की बसवण्णा, ‘गुहेश्वर’ म्हणजे अल्लमप्रभू, ‘चन्नमल्लिकार्जुन’ म्हणजे अक्कमहादेवी. संवादात कोण बोलत आहे हे मुद्रिकेवरून ओळखायचे असल्याने अनुवादात ती जपावीच लागते.

या अनुवादांची गरज भौगोलिक होती. सोलापूर, धाराशिव (पूर्वीचे उस्मानाबाद), लातूर, उदगीर आणि सीमेपलीकडे भालकी, औराद, बसवकल्याण, आळंद या पट्ट्यात मराठी वाचणारी लिंगायत वस्ती मोठी आहे. मन्मथस्वामींच्या ‘परमरहस्य’सारखे मराठी ग्रंथ तिच्या पठणात होते; मात्र मूळ वचने कन्नडमध्येच होती. वचने मराठी वाचकाच्या हाती देण्याचे काम करणाऱ्यांत जयदेवीताईंचे नाव महत्त्वाचे आहे.

कर्नाटक एकीकरणाच्या चळवळीतही त्यांचा सहभाग होता. १ नोव्हेंबर १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत बीदर आणि गुलबर्गा (आजचे कलबुरगी) हैदराबाद राज्यातून म्हैसूर राज्यात गेले, सोलापूर मात्र मुंबई राज्यात राहिले आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आले. म्हैसूर राज्याचे नाव १९७३ मध्ये कर्नाटक झाले. पुढच्याच वर्षी, १९७४ मध्ये, मंड्य येथील कन्नड साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद जयदेवीताईंना मिळाले. १९१५ पासून भरणाऱ्या या संमेलनाच्या त्या पहिल्या महिला अध्यक्ष. दुसऱ्या महिला अध्यक्षासाठी २००० साल उजाडावे लागले. पुढे कलबुरगीच्या कादंबरीकार गीता नागभूषण यांनाही हा मान २०१० मध्ये गदगला मिळाला.

१९८६ मध्ये जयदेवीताईंचे निधन झाले. कर्नाटकात त्यांची ओळख प्रामुख्याने संमेलनाध्यक्ष आणि पुराणकर्त्या कवयित्री अशी आहे. ही ओळख खरी असली तरी अर्धी आहे. मराठी अनुवाद जमेस धरल्याशिवाय त्यांच्या कामाचे मोजमाप पुरे होत नाही.