प्रसारण आणि विनोद : सामाईक परिभाषेचे अर्थ व उपयोग

प्रस्तावना

कोणताही व्यवसाय स्थिरावला की त्याची स्वतंत्र बोली तयार होते. सुताराची, वैद्याची, वकिलाची भाषा त्या त्या क्षेत्रापुरती मर्यादित राहते. नभोवाणी-दूरचित्रवाणी आणि विनोदी रंगभूमी या दोन व्यवसायांची बोली मात्र बऱ्याच अंशी एकच आहे. ‘फीड’, ‘स्पॉट’, ‘टॅग’, ‘क्यू’, ‘टायमिंग’, ‘ॲड-लिब’ हे शब्द ध्वनिमुद्रण कक्षातील तंत्रज्ञ वापरतो आणि हशा पिकविणारा नटही वापरतो. दोघांच्या मनातील अर्थ कधी एक असतो, कधी जवळचा असतो, तर कधी त्यांचा परस्परांशी काहीही संबंध नसतो. महाविद्यालयीन अभ्यासक्रमात प्रसारमाध्यमांसाठी लेखन हा विषय आल्यापासून या शब्दांची गाठ मराठीच्या अध्यापकांशीही पडू लागली आहे. सर्वसाधारण इंग्रजी-मराठी कोश येथे फारसा उपयोगी पडत नाही. शब्दशः अनुवाद करून शिकलेला विद्यार्थी प्रत्यक्ष संहिता हाती आल्यावर गोंधळतो. म्हणून प्रस्तुत लेखात या परिभाषेतील काही निवडक शब्दांचा, ते ज्या परिस्थितीत घडले त्या परिस्थितीसह, विचार केला आहे.

ही सरमिसळ का झाली, हे प्रथम पाहिले पाहिजे. १९२०-३० च्या दशकांत अमेरिका व ब्रिटन येथे नभोवाणी घरोघरी पोहोचली तेव्हा तिला कलावंत हवे होते. ते व्हॉडव्हिल आणि म्युझिक हॉल या करमणुकीच्या रंगमंचांवरून आले आणि येताना आपली बोलीही घेऊन आले. दुसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. हे दोन्ही व्यवसाय सेकंदावर चालतात. एक सेकंद उशिरा उच्चारलेले वाक्य विनोदात वाया जाते आणि प्रसारणात पुढच्या कार्यक्रमाची वेळ खाते. वेळेची ही सामाईक धास्ती पुढील बहुतेक शब्दांच्या मुळाशी आढळते.

नीरवता : दोष आणि गुण

प्रसारणात ‘डेड एअर’ म्हणजे अनपेक्षित शांतता. निवेदक थांबला, ध्वनिफीत तुटली, पुढचा वक्ता आलाच नाही, म्हणून श्रोत्याला काहीच ऐकू येत नाही, अशी ही अवस्था होय. नभोवाणीच्या श्रोत्यासमोर दृश्य नसल्यामुळे काही सेकंदांच्या शांततेतच केंद्र बंद पडल्याची शंका त्याला येते. यासाठी प्रत्येक केंद्रावर तातडीने लावता येईल असे ‘फिलर’ संगीत तयार ठेवण्याची पद्धत पडली.

विनोदी नटाला मात्र शांतता हवी असते. तिला तो ‘पॉझ’ किंवा, संहितेच्या भाषेत, ‘बीट’ म्हणतो. या दोन दृष्टींची गाठ कशी पडते याचे उत्तम उदाहरण अमेरिकन विनोदकार जॅक बेनी यांच्या १९४८ मधील नभोवाणी कार्यक्रमात सापडते. बेनी यांनी कित्येक वर्षे स्वतःचे पात्र कमालीचा कंजूष माणूस म्हणून रंगविले होते. त्या प्रसंगात वाटमाऱ्या त्यांना अडवतो आणि पैसा किंवा प्राण यांपैकी एक निवडायला सांगतो. यावर बेनी काहीच बोलत नाहीत. श्रोते हसू लागतात. वाटमाऱ्या चिडून पुन्हा विचारतो, तेव्हा आपण विचार करीत आहोत, असे उत्तर येते. येथे हशा पिकतो तो शब्दाने नव्हे. प्रसारणशास्त्राच्या दृष्टीने जो दोष, त्यानेच तो पिकतो. अर्थात पात्राचा स्वभाव श्रोत्यांना पूर्वीच ठाऊक नसता, तर ती शांतता निव्वळ ‘डेड एअर’ ठरली असती.

फीड देणारा आणि हशा घेणारा

‘फीड’ या शब्दाचे दोन अर्थ परस्परांना विलक्षण प्रकाश देतात. प्रसारणात ‘फीड’ म्हणजे एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी पाठविलेला ध्वनी वा चित्राचा संकेत. क्रीडांगणावरून, सभागृहावरून केंद्राकडे फीड येतो. ब्रिटिश विनोदी रंगभूमीवर ‘फीड’ म्हणजे मुख्य विनोदकाराला वाक्य पुरविणारा जोडीदार. अमेरिकेत त्यालाच ‘स्ट्रेट मॅन’ म्हणतात. दोन्ही ठिकाणी फीड स्वतः लक्षात राहत नाही; तो खंडित झाला म्हणजेच त्याची आठवण होते.

या जोडीदाराचे काम दुय्यम समजले जाते, ते योग्य नव्हे. अमेरिकेतील ॲबट आणि कॉस्टेलो या प्रसिद्ध जोडीत बड ॲबट ‘स्ट्रेट मॅन’ होते, आणि सुरुवातीच्या काळात मिळकतीतील मोठा वाटा त्यांचाच असे. गंभीर चेहऱ्याने प्रश्न विचारून हशाची जागा नेमकी तयार करणारा माणूस दुर्मीळ, असा त्या व्यवसायाचा हिशेब होता. हीच जोडी १९३८ मध्ये नभोवाणीवर आली तेव्हा एक वेगळीच अडचण निर्माण झाली. दोघांचे आवाज श्रोत्यांना सारखे वाटू लागले आणि फीड कोण देतो व हशा कोण घेतो हेच कळेना. तेव्हा कॉस्टेलो यांनी आपला आवाज चढा व किनरा केला. पुढे जगभर ओळखला गेलेला तो आवाज अशा रीतीने माध्यमाच्या गरजेतून आला.

मराठी वाचकाला ही रचना नवी नाही. तमाशाच्या बतावणीत सोंगाड्यासमोर उभा राहून त्याला सरळपणे प्रश्न करणारा, त्याच्या उलट्या उत्तरांनी त्रस्त होणारा इसम हा नेमका ‘स्ट्रेट मॅन’च असतो. त्याच्या या कामाला रूढ मराठीत वेगळे नाव पडले नाही, ही गोष्ट मात्र विचार करण्याजोगी आहे.

नाव सारखे, नाते नाही

काही शब्द एका कुळातले वाटतात आणि तसे नसतात. ‘डेडपॅन’ म्हणजे चेहऱ्यावरची रेषही न हलविता केलेला विनोद. मूकपटांतील बस्टर कीटन यांचे नाव या संदर्भात नेहमी घेतले जाते. यातील ‘पॅन’ हा अमेरिकन बोलीतला चेहऱ्याचा पर्याय आहे. कॅमेरा एका बाजूकडून दुसरीकडे वळविण्याच्या क्रियेलाही ‘पॅन’ म्हणतात, पण तो ‘पॅनोरमा’ या शब्दाचा संक्षेप होय. ‘डेडपॅन’चा अर्थ ‘स्थिर कॅमेरा’ असा लावणाऱ्या विद्यार्थ्याची चूक म्हणूनच क्षम्य म्हटली पाहिजे.

‘कोल्ड ओपन’ आणि ‘वॉर्म-अप’ यांचेही असेच आहे. शीर्षके दाखविण्यापूर्वी थेट सुरू होणारा प्रवेश म्हणजे ‘कोल्ड ओपन’. अमेरिकेत ११ ऑक्टोबर १९७५ रोजी सुरू झालेला ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ हा कार्यक्रम याच पद्धतीने उघडतो. ‘वॉर्म-अप’ म्हणजे ध्वनिचित्रमुद्रणापूर्वी जमलेल्या प्रेक्षकांना हसते करून ठेवणे; तो भाग प्रसारित होत नाही. थंड आणि ऊन असा विरोध त्यांत शोधू नये. ‘स्पॉट’ हा जाहिरातीसाठी विकलेला काळ आहे आणि विनोदकाराला मंचावर मिळालेला वेळही आहे. ‘टॅग’ म्हणजे विनोदकाराच्या दृष्टीने मुख्य हशानंतर जोडलेले शेपूट. विनोदी मालिकेत शेवटच्या जाहिरातीनंतर येणाऱ्या छोट्या प्रवेशालाही हेच नाव आहे.

डबाबंद हशा

या परिभाषेतील सर्वांत वादग्रस्त शब्द ‘कॅन्ड लाफ्टर’, म्हणजे डबाबंद हशा. विशेषण नभोवाणीहून जुने आहे. संगीतकार जॉन फिलिप सूझा यांनी १९०६ मध्येच यंत्रातून वाजणाऱ्या संगीताला डबाबंद म्हणून हिणविले होते. हशाच्या बाबतीत ही सोय दूरचित्रवाणीने केली. अमेरिकेत १९५० मधील ‘द हँक मॅक्यून शो’ या मालिकेत, समोर प्रेक्षक नसताना, मुद्रित हशा वापरला गेला. त्यानंतर सीबीएस कंपनीतील ध्वनिअभियंते चार्ल्स डग्लस यांनी एक पेटीच तयार केली. टंकलेखन यंत्रासारख्या कळा दाबून मंद हसू, खोखो हसणे, एकट्या बाईचे खिदळणे असे प्रकार निवडता येत आणि पायाखालच्या पट्टीने हशाची लांबी कमीजास्त करता येत असे. डग्लस ही पेटी कुलूपबंद ठेवीत. तिचे अंतरंग फार थोड्यांनी पाहिले होते.

येथे एक भेद लक्षात घेणे आवश्यक आहे. प्रत्यक्ष प्रेक्षकांचा हशा कमी पडला म्हणून त्यात भर घालणे याला ‘स्वीटनिंग’, म्हणजे गोडी आणणे, असे म्हणतात. संपूर्ण हशाच बाहेरून आणणे ही वेगळी गोष्ट आहे. ‘आय लव्ह लुसी’ ही १५ ऑक्टोबर १९५१ रोजी सुरू झालेली मालिका तीन चित्रपट-कॅमेऱ्यांनी प्रत्यक्ष प्रेक्षकांसमोर चित्रित होत असे. तिच्यातील हशा खऱ्या माणसांचा आहे. सर्व मुद्रित हशाला सरसकट ‘डबाबंद’ म्हणणारे समीक्षक हा फरक पुसून टाकतात आणि त्या मालिकांतील नटांवर अन्याय करतात. प्रेक्षकासमोर काम करणारा नट हशा ओसरेपर्यंत थांबतो, पुढचे वाक्य उचलण्याचा क्षण त्याला प्रेक्षकच देतो. पेटीतल्या हशासाठी ही जागा संकलक नंतर अंदाजाने सोडतो. बारकाईने पाहणाऱ्याला हे लगेच जाणवते.

हा प्रश्न केवळ तंत्राचा नाही, हे ‘मॅश’ (१९७२-८३) या मालिकेने दाखवून दिले. कोरियन युद्धातील लष्करी रुग्णालयावरील या मालिकेत मुद्रित हशा असावा असा सीबीएसचा आग्रह होता. निर्मात्यांनी तडजोड म्हणून शस्त्रक्रियागृहातील प्रवेशांत तो न घालण्याची मुभा मिळविली. जखमी सैनिकांच्या देहावर वाकलेले डॉक्टर तेथेही थट्टा करतात, परंतु प्रेक्षकाने हसावे की नाही हे कोणी सांगत नाही. ब्रिटनमध्ये बीबीसीने ही मालिका हशाविना प्रसारित केली. एकाच संहितेचे दोन देशांत दोन वेगवेगळे अनुभव झाले, आणि फरक होता तो फक्त एका ध्वनिपट्टीचा.

संहितेबाहेर

‘ॲड-लिब’ हा लॅटिनमधून आलेला शब्द उत्स्फूर्त भर दर्शवितो. मराठी रंगभूमीने त्यासाठी स्वतःचा शब्द घडविला आहे : ‘ॲडिशन’. शब्द इंग्रजी असला तरी हा अर्थ अस्सल मराठी नाट्यव्यवसायाचा आहे. नट ‘ॲडिशन घेतो’ असे म्हणताना त्यात कौतुक आणि तक्रार दोन्ही असू शकते. वसंत सबनीस यांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या लोकनाट्यात दादा कोंडके यांनी ताज्या घडामोडींवर घेतलेल्या जागांमुळे प्रयोगागणिक नवेपणा येत असे. ही मोकळीक प्रसारणात मिळत नाही. तेथे संहिता आधी तपासली जाते, मिनिटे ठरलेली असतात आणि उच्चारलेला शब्द परत घेता येत नाही.

न परतणाऱ्या या शब्दाच्या भीतीतून ‘डिले’ हे तंत्र आले. कार्यक्रम थेट आहे असे सांगावयाचे, प्रत्यक्षात मात्र तो काही सेकंद रोखून धरावयाचा. १९७५ मध्ये रिचर्ड प्रायर हे ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’चे पाहुणे सूत्रधार असताना एनबीसीने ही खबरदारी घेतली होती. विनोदकार जॉर्ज कार्लिन यांचे निषिद्ध शब्दांवरील स्वगत १९७३ मध्ये न्यूयॉर्कच्या एका नभोवाणी केंद्राने दुपारी प्रसारित केले. त्यावरील तक्रार सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आणि १९७८ मध्ये पाच विरुद्ध चार अशा बहुमताने नियामक आयोगाचा अधिकार मान्य झाला. ध्वनिमुद्रिकेवर जो विनोद चालतो तो नभोवाणीवर चालेलच असे नाही, कारण नभोवाणी घरात न विचारता शिरते आणि मुलेही ती ऐकतात, असा निकालाचा आशय होता.

संहितेबाहेरची दुसरी घटना म्हणजे भूमिका विसरून नटाला हसू फुटणे. ब्रिटिश नट याला ‘कॉर्प्सिंग’ म्हणतात. प्रसारणात याचे सर्वांत प्रिय उदाहरण क्रिकेटचे आहे. ऑगस्ट १९९१ मध्ये ओव्हल मैदानावर वेस्ट इंडीजविरुद्ध इयन बोथम यष्टी ओलांडू पाहताना बेल पाडून बाद झाले. दिवसाच्या खेळाचा आढावा घेताना जोनाथन ॲग्न्यू यांनी त्यावर एक द्व्यर्थी वाक्य टाकले आणि ज्येष्ठ समालोचक ब्रायन जॉन्स्टन यांना हसू आवरेना. बीबीसीच्या श्रोत्यांना बराच वेळ केवळ दबलेले हुंदक्यांसारखे आवाज ऐकू येत राहिले. ‘डेड एअर’, ‘डेडपॅन’ आणि ‘कॉर्प्सिंग’ हे तिन्ही शब्द त्या एका मिनिटात शिकविता येतात.

मराठी पर्यायांविषयी

मुंबई आकाशवाणीच्या ‘पुन्हा प्रपंच’पासून मुंबई दूरदर्शनच्या (आरंभ २ ऑक्टोबर १९७२) ‘गजरा’ व ‘चिमणराव’ या कार्यक्रमांपर्यंत मराठीत प्रसारित विनोदाची परंपरा मोठी आहे. ‘नभोनाट्य’, ‘श्रुतिका’, ‘सहक्षेपण’ असे सुबक शब्द या काळात रुळले. ते प्रामुख्याने प्रकारांचे व प्रशासनाचे शब्द आहेत. कारागिरीचे शब्द तालमीच्या जागी इंग्रजीच राहिले : पॉझ, पंच, टायमिंग. ‘पंच’ या शब्दाने तर मराठीत लवाद, क्रिकेटचा निर्णायक आणि विनोदाचा फटका असे तीन अर्थ सुखाने धारण केले आहेत. अशा रुळलेल्या शब्दांना संस्कृत पर्याय देण्याचा अट्टाहास करू नये. वर्गात मूळ शब्द देऊन त्यामागील क्रिया समजावून सांगणे अधिक हिताचे ठरते.

जेथे मराठीकडे स्वतःचा शब्द आहे, तेथे मात्र तो सोडू नये. इंग्रजी विनोदकार यशस्वी झाला तर तो प्रेक्षकांना ‘मारतो’ आणि फसला तर स्वतः ‘मरतो’. ती सगळी रणांगणाची भाषा आहे. मराठीत हशा पिकतो, नट तो पिकवितो आणि टाळी वसूल करतो. शब्द शेताचे आणि महसुलाचे आहेत. ‘गॉट अ लाफ’ याचा अनुवाद ‘त्याला हसू मिळाले’ असा करणाऱ्या विद्यार्थ्याच्या घरीदारी ‘हशा पिकला’ हा प्रयोग रोज ऐकू येत असतो. त्याच्या उत्तरपत्रिकेत तो उतरत नाही, कारण पारिभाषिक शब्द म्हणून तो त्याला कधी कोणी शिकविलेला नसतो.